जुन्या गाण्यांचं चित्रण वाचवताना: फिल्म, टेप आणि गायकाचा कान

बारा तारांची गिटार वाजवणारे अमेरिकन लोकगायक लेड बेली १९४९ साली वारले. ते गाताना रंगीत फिल्मवर दिसतात ते अगदी थोडं. १९४५ साली ब्लँडिंग स्लोन आणि वा चँग या दोघांनी केलेलं ते चित्रण. त्याचं संकलन पुढे पीट सीगर यांनी केलं. सीगर व्यवसायाने संकलक नव्हते. बँजो वाजवणं, गाणी रचणं आणि लोकांना सोबत गायला लावणं हे त्यांचं आयुष्य. पण ओठ आणि शब्द, बोट आणि तार यांचा मेळ बसलाय की नाही हे ओळखायला ती गाणी अंगात मुरलेला माणूस लागतो. लेड बेलींसोबत स्वतः गायलेले सीगर तसे होते.

सीगर आणि त्यांच्या पत्नी तोशी यांनी पुढे १६ मिमी कॅमेऱ्याने बरंच चित्रण केलं. १९६३-६४ च्या जगदौऱ्यात कॅमेरा सोबत होता. मार्च १९६६ मध्ये टेक्सासमधल्या एलिस तुरुंगात कुऱ्हाडीच्या ठेक्यावर गाणाऱ्या कैद्यांना त्यांनी टिपलं, कारण यंत्रं आल्यावर ती श्रमगीतं बंद पडणार हे दिसत होतं. त्यांचा फिल्मसंग्रह आज लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या अमेरिकन फोकलाइफ सेंटरमध्ये आहे.

गायक असा जतनाच्या कामात उतरतो तेव्हा प्रत्यक्षात काय काय करावं लागतं, ते इथे सांगायचं आहे. यंत्रं बहुतेक वेळा तंत्रज्ञच चालवतात. पण चार-पाच जागी निर्णय कानाने आणि हाताच्या सवयीने घ्यावा लागतो, आणि तिथे झालेली चूक पुढच्या प्रत्येक प्रतीत उतरते.

नष्ट काय होतं, आणि का

पहिलं कारण माणूस. टेप महाग होती आणि पुसून पुन्हा वापरता येत होती, म्हणून दूरचित्रवाणी केंद्रांनी जगभर कार्यक्रम पुसले. जानेवारी १९६३ मध्ये बीबीसीने दाखवलेल्या एका नाटकात बॉब डिलन गायले होते. त्याची प्रत १९६८ साली नष्ट करण्यात आली. लोकांनी घरी टीव्हीवरून ध्वनिमुद्रित केलेला थोडा आवाज तेवढा उरला.

दुसरं कारण रसायन. १६ मिमी फिल्म १९२३ साली बाजारात आली, ती पहिल्यापासून ॲसिटेट या प्लास्टिकच्या पट्टीवर. त्यामुळे तिला जुन्या नायट्रेट फिल्मसारखा आगीचा धोका नाही. पण ॲसिटेट हवेतल्या ओलाव्याने हळूहळू फुटतं आणि ॲसिटिक आम्ल सोडतं, म्हणून डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास येतो. ते आम्लच पुढच्या विघटनाला वेग देतं. २१ अंश सेल्सिअस आणि ५० टक्के आर्द्रतेत ठेवलेली नवी फिल्म साधारण ४० वर्षांत या टप्प्याला पोचते. ठेवण्याची जागा जितकी थंड आणि कोरडी, तितका हा काळ लांबतो. फिल्म आक्रसते, कडक होते, शेवटी वरचा थर निघून येतो. वास येणारा डबा लगेच बाकीच्यांपासून वेगळा करावा, कारण ती वाफ शेजारच्या रिळांनाही लागते.

संगीताच्या दृष्टीने यातली सर्वांत वाईट गोष्ट अशी की आवाज चित्राच्या आधी जातो. अनेक चित्रणांचा आवाज १६ मिमी रुंदीच्या वेगळ्या चुंबकीय फिल्मवर असतो, म्हणजे ॲसिटेटच्या पट्टीवर लोहऑक्साइडचा लेप. लोहामुळे विघटन आणखी वेगाने होतं. त्यामुळे एका कार्यक्रमाचे चित्राचे आणि आवाजाचे डबे दोन्ही समोर असतील तर आधी आवाजाचा डबा हातात घ्यावा. चित्र आहे आणि आवाज नाही अशी गाण्याची फिल्म कितीतरी संग्रहांत पडून आहे.

तिसरं कारण यंत्रं. टेप धडधाकट असली तरी ती वाजवणारा डेक, त्याची टेप वाचणारी हेड्स, रबरी चाकं आणि ते दुरुस्त करणारे हात संपत चालले आहेत. दोन इंची क्वाड टेप १९५६ पासूनची, अर्धा इंची खुली रिळं १९६० च्या दशकातली, यू-मॅटिक १९७१ ची, व्हीएचएस १९७६ ची. यांपैकी कशाचंही नवं यंत्र आज बनत नाही. २०१९ साली युनेस्को आणि ध्वनिसंग्रहालयांची आंतरराष्ट्रीय संघटना आयासा यांनी चुंबकीय टेपबद्दल जो इशारा दिला, त्याचा गाभा हाच होता.

आधी यादी, मग वास, मग हात

जुनी टेप मिळाली की ती लावून बघण्याचा मोह होतो. तो आवरावा. खराब टेपचं पहिलं वाजवणं हे कधीकधी शेवटचं ठरतं. आधी प्रत्येक डब्याला क्रमांक द्यावा, डब्यावरचं आणि आतल्या चिठ्ठीवरचं लिखाण जसंच्या तसं उतरवावं आणि सगळ्याचे फोटो काढावेत. डबा आणि चिठ्ठी यांत विसंगती असेल तर दोन्ही नोंदवावं. कुठलं खरं ते नंतर ठरतं.

फिल्मसाठी आम्लता दाखवणाऱ्या कागदी पट्ट्या मिळतात. पट्टी बंद डब्यात किमान २४ तास ठेवायची. निळी राहिली तर ठीक, हिरवट झाली तर विघटन सुरू झालंय, पिवळी झाली तर ती फिल्म रांगेत सर्वांत पुढे. मग आक्रसणं मोजायचं. ते एक टक्क्याच्या आसपास गेलं की दातेरी चाकांचा प्रोजेक्टर भोकं फाडतो, म्हणून अशी फिल्म दाते नसलेल्या स्कॅनरवरच न्यावी. घरच्या प्रोजेक्टरवर तर जुनी फिल्म कधीच चढवू नये.

फिल्मच्या कडेला कोडॅकची बारीक चिन्हं असतात: गोल, चौकोन, त्रिकोण. त्यांवरून फिल्म कुठल्या वर्षी बनली ते कळतं. यात दोन खाचखळगे आहेत. एक, चिन्हांचं चक्र वीस वर्षांनी पुन्हा येतं. दोन, ते वर्ष फिल्म बनल्याचं असतं, चित्रण झाल्याचं नाही. चित्रण त्याआधीचं असू शकत नाही, एवढंच खात्रीने म्हणता येतं.

टेपला बुरशी दिसली तर ती पिशवीत बंद करून वेगळ्या खोलीत ठेवावी. बुरशी आलेली एक कॅसेट डेकमध्ये घातली की पुढच्या सगळ्या कॅसेटना ती लागते. आणि टेप फ्रीझरमध्ये ठेवू नये. फिल्मला गोठवणारी थंडी मानवते, पण टेपमधलं वंगण त्या थंडीत वेगळं होऊन बाहेर येतं.

चिकटणारी टेप आणि भाजणं

१९७० च्या दशकाच्या मध्यापासून पुढची पंधरा-वीस वर्षं बनलेल्या बऱ्याच टेपांमध्ये चुंबकीय भुकटी धरून ठेवणारा बाइंडर ओलावा शोषतो. अँपेक्स ४०६ आणि ४५६ ही त्यातली बदनाम नावं. टेप वाजताना किंचाळते, वेग मंदावतो, हेडवर तपकिरी चिकटा जमतो. तसंच दामटून वाजवलं तर त्या चिकट्याबरोबर गाणंही खरवडून निघतं.

यावर उपाय भाजण्याचा. नियंत्रित तापमानाच्या इन्क्युबेटरमध्ये साधारण ५० ते ५५ अंशांवर, पाव इंची टेप असेल तर आठ तास किंवा जास्त. रुंद टेपेला त्याहून बराच वेळ लागतो. मधे एकदा रीळ उलटायचं. नंतर तितकाच वेळ खोलीच्या तापमानाला निवू द्यायचं. त्यानंतर काही आठवडे टेप व्यवस्थित वाजते, तेवढ्यात नक्कल करून घ्यायची. ओलावा पुन्हा शिरतोच. स्वयंपाकघरातला ओव्हन चालत नाही, त्याचं तापमान वीस-वीस अंशांनी वरखाली होतं.

भाजण्याआधी टेप कशाची आहे ते पाहणं हा यातला सर्वांत महत्त्वाचा टप्पा. रीळ उजेडासमोर धरावं. गुंडाळ्यातून उजेड आरपार दिसला तर टेप ॲसिटेटची आहे, आणि ती भाजली तर कायमची वाकडी होते. पाठीमागे काळा लेप असलेली, उजेड न सोडणारी टेप पॉलिएस्टरची, आणि चिकटण्याचा रोग बहुतेक तिलाच होतो. काही टेपा वंगण संपल्यामुळेही किंचाळतात. त्यांना भाजून काहीही फरक पडत नाही. हा भेद कळत नसेल तर टेप बाजूला ठेवून जाणकाराला दाखवावी.

वेग म्हणजे सूर

इथून पुढे गायकाचं काम सुरू होतं. चित्रपटाची गोष्ट पाहणाऱ्याला फिल्म चार टक्के जास्त वेगाने पळाली तर कळतही नाही. गाण्यात तसं नसतं: वेग बदलला की पट्टी बदलते.

चार टक्के हा आकडा उगाच घेतलेला नाही. फिल्म सेकंदाला २४ फ्रेमने चित्रित होते. ५० हर्ट्झ विजेच्या देशांत दूरचित्रवाणी २५ फ्रेमने चालते, म्हणून तिथे फिल्म सरळ २५ ने पळवायची पद्धत होती. वेग ४.१७ टक्के वाढतो आणि सूर जवळपास ७१ सेंट चढतो. अर्धा स्वर १०० सेंटचा, म्हणजे गाणं ना या पट्टीत ना पुढच्या. गायकाचा आवाज किंचित पातळ आणि तरुण वाटतो, कंप घाईचा वाटतो. बाजारात आणि इंटरनेटवर फिरणाऱ्या कित्येक जुन्या चित्रणांत हा दोष आहे आणि लोक त्या नकलेवरून गाणी बसवतात.

मग खरा वेग शोधायचा कसा? गिटार लावून जुळवून पाहणं हा पहिला विचार येतो, पण एकट्याने गाणारे लोकगायक बऱ्याचदा मानक सुरात गिटार लावत नसत. लेड बेलींची बारा तारांची गिटार कितीतरी खाली लावलेली असे. त्यामुळे तारा चाळीस सेंट खाली लागल्या म्हणजे फिल्म हळू चाललीय, असं म्हणता येत नाही. बंद स्वरांची, लावता न येणारी वाद्यं जास्त विश्वासू असतात: हार्मोनिका, ॲकॉर्डियन. तीसुद्धा थोडी इकडेतिकडे असतात, पण ७० सेंट नाही.

याहून भरवशाचा साक्षीदार म्हणजे विजेची गुणगुण. दिवे, ॲम्प्लिफायर, लांब तारा यांमधून वीजपुरवठ्याची वारंवारिता ध्वनिमुद्रणात शिरते: अमेरिकेत ६० हर्ट्झ, युरोपात ५०. गाण्याआधीच्या शांततेचा वर्णपट काढून तिथली रेघ मोजावी. अमेरिकेतल्या चित्रणात ती ६२.५ वर सापडली तर हिशेब मिटला, कारण ६० ला २५ ने गुणून २४ ने भागलं की नेमके ६२.५ येतात. मोकळ्या रानात बॅटरीवर केलेल्या मुद्रणात ही गुणगुण नसते. तिथे बाकीचे पुरावे एकत्र धरावे लागतात: त्याच गायकाची त्याच काळातली तबकडी, बोलण्याचा आवाज, आणि हात. गिटारवादक कुठल्या पकडी धरतोय आणि कॅपो (सगळ्या तारा एकदम दाबून पट्टी चढवणारा चिमटा) कितव्या घरावर आहे हे चित्रात दिसतं. सी ची पकड आणि दुसऱ्या घरावर कॅपो म्हणजे गाणं डी मध्ये असायला हवं, गिटार मानक सुरात असेल तर. कानाला डी आणि ई फ्लॅटच्या मध्ये काहीतरी ऐकू येत असेल तर शंका घ्यायला जागा आहे.

वेग दुरुस्त करताना चित्र आणि आवाज दोघांचाही वेग एकत्र बदलावा. फक्त सूर उतरवणारं सॉफ्टवेअर लय तशीच घाईची ठेवतं, आणि मग नाचणाऱ्याला वाटतं त्या काळचे लोक फार जलद वाजवत.

उलटा वादक

फिल्म चुकीच्या बाजूने स्कॅन झाली की चित्र आरशासारखं उलटतं. मूळ कॅमेरा फिल्म आणि तिच्यावरून काढलेली छाप यांची चित्र धरणाऱ्या थराची बाजू परस्परविरुद्ध असते, त्यामुळे ही चूक सहज होते. उजवा वादक डावा दिसतो. कडेची अक्षरं वाचता आली तर प्रश्न सुटतो. नसतील तर?

अमेरिकन लोकगायिका आणि गिटारवादक एलिझाबेथ कॉटन खरोखरच डावऱ्या होत्या, आणि उजव्यांसाठी तारा लावलेली गिटार उलटी धरून वाजवत. जाड तारा खाली, बारीक वर. खर्ज बोटांनी आणि धून अंगठ्याने. त्यांचं चित्र 'सुधारलं' तर एक अख्खी वादनशैली खोटी ठरते. ओळखायची खूण अशी: आरशात उजवं-डावं बदलतं, वर-खाली बदलत नाही. डाव्या दिसणाऱ्या वादकाच्या जाड तारा खाली असतील तर तो खरंच उलटी गिटार वाजवतोय, चित्राला हात लावू नये. जाड तारा वर असतील तर चित्र उलटलेलं असेल किंवा वादकाने तारा बदलून लावल्या असतील; मग शर्टाची बटणं, भिंतीवरच्या पाट्या, शेजारचा वादक पाहून ठरवावं.

चित्राला आवाज जोडणं

चावीच्या १६ मिमी कॅमेऱ्याची एक पूर्ण चावी २४ फ्रेमच्या वेगाने जेमतेम अर्धा मिनिट चालते. आवाज वेगळ्या यंत्रावर सलग सुरू असतो. दोघांना बांधणारा कुठलाच संकेत नसतो आणि कॅमेऱ्याचा वेग एका टक्क्याने जरी चुकला तरी दहा सेकंदांत जवळपास अडीच फ्रेमची तफावत पडते. म्हणून प्रत्येक तुकडा स्वतंत्र जुळवावा, सुरुवात आणि शेवट दोन्हीकडे. चांगल्या टेपरेकॉर्डरवर कॅमेऱ्याशी जोडलेला पायलट संकेत असतो. नक्कल करण्याआधी तो आहे का ते विचारावं, कारण साध्या डेकवर तो ऐकूच येत नाही आणि नकलेत हरवतो.

जुळवण्यासाठी ओठांपेक्षा आघात बरे. प, ब, म ही ओठ मिटणारी अक्षरं चालतात, पण तारेवर पडणारा अंगठा, जमिनीवर आपटणारा पाय, लाकडावर पडणारी कुऱ्हाड अधिक नेमकी. माइक किती दूर होता याचा विचार करावा: आवाजाला १४ मीटर यायला २४ फ्रेमच्या हिशेबाने एक फ्रेम लागते. चित्र आणि आवाज एकाच फिल्मवर असलेल्या छापेवरचा आवाज मुद्दाम चित्राच्या पुढे छापलेला असतो, १६ मिमीच्या प्रकाशीय पट्टीत २६ फ्रेम, चुंबकीय पट्टीत २८. हा दोन फ्रेमचा फरक विसरल्यामुळे बिघडलेला मेळ ढोलकी किंवा बँजोच्या गाण्यात लगेच खुपतो, संथ गाण्यात वर्षानुवर्षं कुणाच्या लक्षात येत नाही.

व्हिडिओ टेपेत चित्राच्या रेषा स्थिर करणारं टाइम बेस करेक्टर लागतं. ते चित्राला थोडा उशीर करतं, आवाज मात्र थेट जातो. तेवढा उशीर आवाजालाही द्यावा. व्हीएचएसवर आवाजाच्या दोन जागा असू शकतात: टेपेच्या कडेची साधी पट्टी आणि फिरत्या हेडने लिहिलेला हाय-फाय. दोन्ही वेगळ्या उतरवून घ्याव्यात. हाय-फाय गाण्यासाठी कितीतरी चांगला, पण टेप खराब झाली की तोच आधी घरघरतो.

फाइल, नोंदी आणि हक्क

मूळ प्रत सुधारायची नाही. खरखर काढणं, ओरखडे पुसणं, रंग उजळणं हे सगळं नकलेवर. आवाज ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट. पाव इंची टेप उतरवताना प्रत्येक रिळासाठी हेडचा कोन जुळवावा, नाहीतर तारांची वरची झळाळी जाते आणि नंतर कुठल्याही फिल्टरने परत येत नाही. व्हिडिओसाठी बरेच संग्रह एफएफव्ही१ हे हानीविरहित एन्कोडिंग मात्रोस्का फाइलमध्ये वापरतात. साध्या व्हिडिओचा एक तास असंपीडित १०० जीबीच्या आसपास होतो, यात त्याच्या निम्म्याहून कमी. चित्रातली एकाआड एक रेषांची रचना मूळ फाइलमध्ये मोडू नये. ४०० फुटांचं १६ मिमी रीळ म्हणजे ११ मिनिटं, १६,००० फ्रेम. २के स्कॅनच्या सुट्या फ्रेम ठेवल्या तर सुमारे २०० जीबी. जागेचा हिशेब आधी करावा. तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, एक दुसऱ्या गावी. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल जराही बदलली की बदलणारा आकडा) पहिल्याच दिवशी काढावा आणि ठरावीक काळाने पडताळावा.

नोंद लिहिताना गायकाने आपल्याला जे दिसतं ते लिहावं. 'माणूस गिटार वाजवतो' ही नोंद निरुपयोगी. गाण्याचं नाव आणि पहिली ओळ, पट्टी, तारा कशा लावल्या, कॅपो, बोटांची पद्धत, मागे टाळी देणारे कोण, कुठल्या कडव्याचे शब्द नेहमीपेक्षा वेगळे. वेगाची दुरुस्ती किती टक्के आणि कुठल्या पुराव्यावर केली तेही लिहावं. पुढच्याला तो निर्णय उलटवता आला पाहिजे.

हक्क तीन थरांत असतात: रचनेचे, सादरीकरणाचे आणि चित्रणाचे. गाणं पारंपरिक असलं तरी त्याची एखादी मांडणी कुणाची तरी असू शकते. फिल्म विकत घेतली म्हणून गाणाऱ्याचा हक्क विकत मिळत नाही. दृक्श्राव्य सादरीकरणातल्या कलाकारांच्या हक्कांचा २०१२ चा बीजिंग करार २८ एप्रिल २०२० पासून लागू झाला, पण प्रत्येक देशाचा कायदा वेगळा, त्यामुळे प्रसिद्धीआधी वकिलाला विचारावं. तुरुंगात किंवा कुणाच्या ओसरीवर चित्रित झालेल्यांना त्या वेळी काय सांगितलं गेलं होतं हे कायद्यापलीकडचं आहे. त्यांच्या कुटुंबाला शोधावं, प्रत द्यावी, काय दाखवू नये हे विचारावं. जतन करायला यातल्या कशाचीच वाट पाहू नये. उतरवून ठेवणं आणि लोकांपुढे मांडणं या दोन वेगळ्या पायऱ्या आहेत.

कुटुंबाला किंवा कुणालाही प्रत देण्याआधी एक चाचणी राहते. संकलनाचं सॉफ्टवेअर २४ फ्रेमची फाइल २५ च्या प्रकल्पात घेताना कधीकधी न विचारता वेग वाढवतं. तयार प्रत आणि मूळ फाइल शेजारी लावून दोन्हींतला एकच लांब स्वर ऐकावा, आणि दोन्हींची लांबी सेकंदापर्यंत जुळतेय का ते पाहावं. दहा मिनिटांच्या चित्रणात २४ सेकंद कमी भरली, तर गाणं पुन्हा वर चढलेलं आहे.